पाळीच्या चक्रानुसार व्यायामाचे वेळापत्रक बदलावे का?

आपण आठवड्यातून चार दिवस धावता आणि दोन दिवस वजने उचलता. पाळीच्या आधीच्या आठवड्यात वेग मंदावल्यासारखा का वाटतो, त्यानुसार व्यायाम बदलावा का आणि शर्यतीच्या दिवशीच पाळी आली तर काय करावे, असे आपण विचारले आहे. मी महिला धावपटूंना प्रशिक्षण देते. हे प्रश्न माझ्याकडे बहुधा फार उशिरा आणि फार संकोचाने येतात, म्हणून थोडे सविस्तर लिहिते.

प्रौढ स्त्रीचे चक्र साधारण २१ ते ३५ दिवसांचे असते आणि रक्तस्राव सुरू झाला तो त्याचा पहिला दिवस धरतात. पहिल्या काही दिवसांत इस्ट्रोजेन आणि प्रोजेस्टेरॉन ही दोन्ही संप्रेरके कमी असतात. पुढे इस्ट्रोजेन वाढत जाऊन स्त्रीबीज बाहेर पडते आणि त्यानंतरच्या सुमारे दोन आठवड्यांत प्रोजेस्टेरॉनचा जोर राहतो. आपल्याला जाणवणाऱ्या मंदपणाचा संबंध या शेवटच्या टप्प्याशी असू शकतो. प्रोजेस्टेरॉनमुळे शरीराचे तापमान साधारण ०.३ ते ०.५ अंश सेल्सिअसने वाढते, श्वसनाचा वेग किंचित वाढतो आणि विश्रांतीच्या वेळची नाडीही अनेकींमध्ये थोडी जलद होते. त्यामुळे नेहमीच्याच रस्त्यावर, नेहमीच्याच वेगाने धावताना घड्याळात नाडीचे ठोके काहीसे जास्त दिसतात, घाम लवकर सुटतो आणि उकाडा असेल तर तोच वेग जड वाटू लागतो. त्यात झोप नीट लागत नसेल तर थकवा आणखी जाणवतो. याचा अर्थ ताकद घटली असा मात्र होत नाही. अशा दिवसांत घड्याळातील वेगाचा हट्ट न धरता श्रमाच्या जाणिवेवर धावावे आणि सरावाची वेळ थंड प्रहरी ठेवावी, एवढा बदल बहुतेकींना पुरतो.

आता वेळापत्रकाविषयी. 'या आठवड्यात जड वजने, त्या आठवड्यात फक्त योगासने' अशी तयार कोष्टके सर्वत्र फिरत असतात आणि ती फार आत्मविश्वासाने मांडलेली असतात. पुराव्याचे बळ मात्र तेवढे नाही. २०२० साली ७८ अभ्यासांचा एकत्रित आढावा प्रसिद्ध झाला. पाळीच्या सुरुवातीच्या दिवसांत कामगिरी सरासरीने अगदी नगण्य प्रमाणात कमी होत असावी, मूळ अभ्यासांपैकी अनेकांचा दर्जा कमी आहे आणि सर्वांना लागू पडेल असा नियम सांगता येत नाही, असे त्याचे निष्कर्ष होते. म्हणून छापील कोष्टकापेक्षा मला प्रत्येकीची स्वतःची नोंदवही अधिक विश्वासाची वाटते. चक्राचा कितवा दिवस, झोप कशी झाली, दुखणे किती आणि ठरलेला सराव किती कठीण गेला, एवढ्या चारच गोष्टी रोज एका ओळीत लिहाव्यात. तीन-चार चक्रांनंतर एखादीला स्पष्ट आकृतिबंध दिसतो आणि एखादीला काहीच दिसत नाही. दोन्ही उत्तरे तितकीच उपयोगी आहेत. ज्यांना पाळीच्या दुसऱ्या दिवशी खरोखर उभे राहवत नाही, त्यांनी तो दिवस विश्रांतीचा ठेवावा आणि कठीण सराव दोन दिवस पुढे घ्यावा.

पाळीत व्यायाम करू नये या समजुतीला वैद्यकीय आधार नाही. ओटीपोटातील कळा मुख्यतः प्रोस्टाग्लँडिन नावाच्या द्रव्यांमुळे गर्भाशय आकुंचन पावल्याने येतात. आठवड्यातून तीन किंवा अधिक वेळा, प्रत्येकी पाऊण ते एक तास नियमित व्यायाम केल्यास या वेदनांची तीव्रता कमी होऊ शकते, असे उपलब्ध अभ्यास दर्शवतात. मात्र वेदना दर महिन्याला नेहमीची कामे थांबवण्याइतक्या असतील, तर 'सगळ्यांनाच होते' असे म्हणून सोसत राहू नये. एंडोमेट्रिओसिससारखा, म्हणजे गर्भाशयाच्या अस्तरासारख्या ऊती गर्भाशयाबाहेर वाढण्याचा, आजार त्यामागे असू शकतो.

चक्राच्या टप्प्यांपेक्षा ज्या गोष्टीने अधिक धावपटू मागे पडलेल्या मी पाहिल्या आहेत, ती म्हणजे लोहाची कमतरता. अंगावरून खूप जात असेल, तासा-दोन तासांनी पॅड बदलावे लागत असेल किंवा मोठ्या गाठी पडत असतील, तर हिमोग्लोबिनबरोबर लोहाचा साठा दाखवणाऱ्या फेरिटिनचीही तपासणी करून घ्यावी, कारण हिमोग्लोबिन ठीक असतानाही शरीरातील लोहाचा साठा आटलेला असू शकतो. लोहाच्या गोळ्या मात्र तपासणीशिवाय सुरू करू नयेत.

आणि सर्वांत कळकळीने सांगायचे ते हे: सराव वाढल्यावर पाळी थांबणे हे तंदुरुस्तीचे लक्षण नाही. 'धावपटूंची पाळी जातेच' हे वाक्य मी प्रशिक्षकांच्या तोंडून ऐकले आहे आणि ते घातक आहे. श्रमाच्या मानाने आहार अपुरा पडला की शरीर प्रजननाचे काम थांबवून ऊर्जा वाचवते. इस्ट्रोजेन घटते, हाडे विरळ होऊ लागतात आणि नडगीत किंवा पावलात स्ट्रेस फ्रॅक्चर, म्हणजे वारंवारच्या ताणाने हाडाला बारीक तडा जाणे, असे होते. आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने २०१४ मध्ये या अवस्थेची स्वतंत्र व्याख्या केली. आधी नियमित असलेली पाळी गर्भधारणा नसताना सलग तीन महिने आली नाही, तर डॉक्टरांकडे जावे. गर्भनिरोधक गोळ्या घेणाऱ्यांनी विशेष सावध राहावे, कारण दर महिन्याला गोळ्यांच्या मधल्या खंडात होणारा रक्तस्राव म्हणजे नैसर्गिक पाळी नव्हे आणि तो नियमित असला तरी मूळ चक्र चालू असल्याची खात्री देत नाही.

शर्यतीच्या दिवशी पाळी आली म्हणून शर्यत गेली असे समजू नये. ब्रिटिश धावपटू पॉला रॅडक्लिफ यांनी २००२ मध्ये शिकागो मॅरेथॉनमध्ये २ तास १७ मिनिटे १८ सेकंदांचा तत्कालीन जागतिक विक्रम केला, तेव्हा त्यांना पाळीच्या कळा येत होत्या. उलट २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये चीनची जलतरणपटू फू युआनहुई हिने रिले शर्यतीनंतर पाळीमुळे थकवा जाणवत असल्याचे मोकळेपणाने सांगितले, आणि तेही तितकेच खरे होते. वापरायचे पॅड, कप किंवा टॅम्पॉन लांब पल्ल्याच्या सरावात आधीच वापरून पाहावेत. आयबुप्रोफेनसारखी वेदनाशामके लांब शर्यतीच्या आधी स्वतःच्या मनाने घेऊ नयेत, कारण शरीरातील पाणी कमी झालेले असताना त्यांचा मूत्रपिंडांवर ताण येतो. पाळी पुढे ढकलण्याच्या गोळ्यांचा विचार असेल, तर स्त्रीरोगतज्ज्ञांना काही महिने आधी भेटावे, म्हणजे त्या आपल्याला मानवतात की नाही हे शर्यतीच्या दिवसाआधीच कळेल.