महाराष्ट्राचा ‘मुख्य उद्योग’ आणि हिंगोलीची हळद

तुम्ही दोन प्रश्न विचारलेत. पुस्तकात प्रमुख उद्योग म्हणून कापड, साखर, वाहने, रसायने, औषधे, पेट्रोलियम, माहिती तंत्रज्ञान अशी यादी आहे, त्यातला खरा मुख्य कोणता, हा पहिला. आणि आमच्या हिंगोलीत हळद, कापूस, सोयाबीन सगळं पिकतं, मग कारखाने पुण्या-मुंबईकडेच का, हा दुसरा. दुसरा प्रश्न जास्त चांगला आहे, म्हणून पहिला आधी उरकून टाकतो.

मी पिंपरी-चिंचवडच्या एका वाहन कंपनीत व्हेंडर डेव्हलपमेंटला होतो. म्हणजे सुटे भाग कोण बनवू शकेल ते शोधायचं, त्याचं शेड पाहायचं, सॅम्पल पास करायचं, आणि नंतर माल वेळेवर आला नाही की त्याच्या दारात जाऊन बसायचं. एकतीस वर्षं हेच केलं. लोक अष्टविनायक करतात, मी एमआयडीस्या केल्या. त्यामुळे खाली जे लिहितोय ते आकडेवारीच्या टेबलावरून कमी आणि गेटवरच्या रजिस्टरात नाव लिहून आत गेलेल्या माणसाचं जास्त आहे.

मुख्य उद्योग कोणता, हे तुम्ही काय मोजता त्यावर आहे. उलाढाल मोजलीत तर १९५० च्या दशकात सुरू झालेल्या मुंबईतल्या ट्रॉम्बेच्या तेलशुद्धीकरण कारखान्यांसमोर बाकीचे लहान दिसतात, पण पैशाच्या मानाने तिथे माणसं मूठभर. हात मोजलेत तर इंजिनिअरिंग, वाहनं आणि कापड. आणि किती गावांचं वर्षाचं गणित एका धुराड्यावर चालतं हे मोजलंत तर साखर, त्यात वादच नाही. शिवाय राज्याच्या एकूण उत्पन्नात निम्म्याहून बराच जास्त वाटा आता सेवा क्षेत्राचा आहे. बँका, विमा, वाहतूक, सॉफ्टवेअर. परीक्षेत मात्र पुस्तकातलीच यादी लिहा, मार्क तिथेच आहेत.

आता हिंगोली. तुमच्या प्रश्नात एक गृहीत धरलेलं आहे: कच्चा माल जिथे, कारखाना तिथे. शाळेत आपल्या सगळ्यांना हेच शिकवलं. आणि महाराष्ट्रात ते फार कमी ठिकाणी खरं ठरतं. कापूस मुख्यतः विदर्भ-मराठवाड्यात पिकतो, पण १८५४ साली कावसजी दावर यांनी गिरणी काढली ती मुंबईत, ताडदेवला. नागपुरात जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल १८७७ मध्ये आली, तरी गिरणगाव झालं ते मुंबईतच. कोळसा चंद्रपूरचा, तिथल्या महाऔष्णिक केंद्राची क्षमता २९२० मेगावॅट, पण धूर आणि राख चंद्रपूरला आणि वीज वापरणारे कारखाने बहुतेक पुण्या-मुंबईकडे. चंद्रपूरला सिमेंट आहे, बल्लारपूरला कागद आहे, अलीकडे गडचिरोलीत सुरजागडचं लोहखनिज निघतंय, हे मान्य. पण त्या भागाच्या पोटात जे आहे त्याच्या हिशेबाने हे थोडकंच.

उलट बाजूने कोल्हापूर बघा. लोहखनिजाच्या खाणी नाहीत, दगडी कोळसा नाही. पिग आयर्न, म्हणजे ओतकामाचं कच्चं लोखंड, बाहेरून, भंगार बाहेरून. आणि देशातल्या मोठ्या फाउंड्री-गावांत, म्हणजे लोखंड ओतणाऱ्या कारखान्यांच्या गावांत, कोल्हापूरचं नाव आहे. शिरोली, गोकुळ शिरगाव, पुढे कागल-हातकणंगले. शिरोलीत मी पहिल्यांदा गेलो तो मे महिना होता. विजेवरच्या इंडक्शन भट्टीतून लोखंड लॅडलमध्ये, म्हणजे ओतायच्या भांड्यात, उतरत होतं. ओतताना धार तुटू द्यायची नाही, तुटली की आधीचा थर गार पडतो आणि दोन थर एकमेकांत मिसळत नाहीत. वरून कास्टिंग, म्हणजे ओतलेला भाग, नीट दिसतं आणि मशिनवर चढवलं की चीर निघते. मी नवा होतो, हातात पायरोमीटर होता, टेंपरेचर नोंदवायचा आग्रह धरला. ओतणारा मिस्त्री म्हणाला, “सायेब, रंग बघा की, चौदाशे झाल्यात.” मोजलं. दहा-पंधरा अंशांचा फरक निघाला. त्या दिवसापासून मी शेडमध्ये गेलो की आधी माणूस बघायचो, मग मशिन.

हा डोळा आला कुठून? उसाच्या चरकातून, पंपातून, ऑइल इंजिनातून. त्या भागातला शेतकरी पाण्यावाला होता, त्याला अवजार लागायचं आणि मोडलेलं अवजार हंगामातच दुरुस्त करून लागायचं. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१० मध्ये औंध संस्थानात माळावर किर्लोस्करवाडी वसवली ती लोखंडी नांगर बनवायला. अशा कारखान्यांत आणि कोल्हापूरच्या उद्यमनगरातल्या दुरुस्तीच्या दुकानांत ओतकाम शिकलेल्या पिढ्या तयार झाल्या. शेतात विजेचे पंप आले आणि ऑइल इंजिनाला ओहोटी लागली, तोवर पुण्याला कास्टिंग हवीच होती. पिंपरीत १९५४ मध्ये हिंदुस्थान अँटिबायोटिक्स आली होती, साठच्या दशकात टेल्को (आजची टाटा मोटर्स) आणि बजाज आले, मुंढव्यात भारत फोर्ज. नांगर ओतणाऱ्या हातांनी ब्रेक ड्रम ओतायला घेतले.

एका कास्टिंगचा प्रवास सांगतो म्हणजे ‘वाहन उद्योग’ हा शब्द किती फसवा आहे ते कळेल. शिरोलीत ओतलं, तिथेच फेटलिंग झालं, म्हणजे कडेचं फाजील लोखंड छाटून घासलं. रात्रीच्या ट्रकने २३० किलोमीटर भोसरी. भोसरीत भाड्याच्या गाळ्यात चार व्हीएमसी, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणारी कापकामाची मशिनं टाकलेला एक मुलगा, वडील गिरणीत होते, तो त्याला भोकं पाडून आटे पाडणार. मग चाकण. आणि चाकणला तळेगाव चौकात ट्रक दोन तास अडकणार, हेही प्रोसेस शीटमध्ये लिहायला हवं होतं. पुढे गाडी तयार झाली, निर्यातीची असेल तर न्हावा शेवा. तिथलं जेएनपीटी बंदर १९८९ ला सुरू झालं आणि पुणे पट्ट्याला निर्यातीचं दार जवळ आलं. मोठ्या कंपनीचं नाव बोनेटवर असतं, पण गाडीतले बहुतेक सुटे भाग अशा गाळ्यांतून आलेले असतात. नवा कारखानदार जमीन बघताना स्वस्त प्लॉट बघत नाही, तो बघतो की टूल तुटलं तर रात्री अकराला धार लावून देणारा किती अंतरावर आहे. भोसरीत तो पलीकडच्या गल्लीत असतो, गुरुवारची सुट्टी सोडून.

सरकारने प्रयत्न केले नाहीत असं नाही. १९६२ मध्ये एमआयडीसी झाली. जमीन, पाणी, रस्ता, वीज एका जागी देण्याची ही कल्पना त्या काळात मोठी होती. १९६४ पासून सामूहिक प्रोत्साहन योजना आहे. तालुक्यांची ए, बी, सी, डी, डी प्लस अशी वर्गवारी, जितका मागास तितकी सवलत जास्त. छत्रपती संभाजीनगरजवळच्या वाळूजला ती लागू पडली, कारण १९८५ मध्ये बजाजचा कारखाना आला आणि त्याच्या मागे त्याचे व्हेंडर आले. आई आली की पिल्लं येतात. नंतर शेंद्र्याला स्कोडा, औषध कंपन्या, बिअरचे कारखाने, आता ऑरिक ही नवी औद्योगिक नगरी. पण सवलतीसाठीच आलेलेही पाहिलेत. मराठवाड्यातल्याच एका एमआयडीसीत एक मोठी कंपनी होती, नाव घेत नाही. मी तिच्या आसपासचे तीन छोटे व्हेंडर दोन वर्षं खपून तयार केले, आयटीआयची पोरं घेऊन. विक्रीकराच्या सवलतीची मुदत संपली आणि सहा महिन्यांत मशिनं ट्रेलरवर चढली. त्या तिघांपैकी एकाने पुढे शेडमध्ये मंगल कार्यालय केलं. चांगलं चालतं म्हणे.

प्लॉट आणि सवलत सरकार देऊ शकतं, मिस्त्री देऊ शकत नाही. माझं सगळं म्हणणं एवढ्यात येतं.

जालना हे याचं आवडतं उदाहरण. खाण नाही, बंदर नाही, आणि सळई म्हटलं की जालना. भंगार वितळवायचं, बिलेट, म्हणजे लोखंडाच्या जाड कांड्या, पाडायच्या, रोलिंग मिलमधून काढायचं. एक टन भंगार वितळवायला साधारण ६०० ते ७०० युनिट वीज लागते, म्हणजे युनिटमागे एक रुपया हलला तर टनामागे सहा-सातशे रुपये हलतात. आपल्याकडे शेतीपंपांच्या स्वस्त विजेचा भार उद्योगाच्या बिलावर येतो, आणि समोर छत्तीसगडचे, खालीच कोळसा असलेले. तरी जालना टिकलं, कारण सळईचा बाजार, व्यापारी, उधारीची साखळी आणि मिल चालवणारे लोक तिथे जमलेत. बियाण्यांचंही तेच: बद्रीनारायण बारवाले यांनी १९६४ मध्ये महिको काढली, त्यांच्या हाताखालून बाहेर पडलेल्यांनी पुढे स्वतःच्या कंपन्या काढल्या, गाव बियाण्यांचं झालं. आता जालन्याचा माणूस तुमच्याइतकाच मराठवाड्यातला. पुणे-मुंबई हा मुद्दाच नाही.

इचलकरंजीही तशीच. कापूस नाही, पण सायझिंग, म्हणजे सुताला खळ लावणं, आहे, सुताचा बाजार आहे, माग जोडणारे आहेत. तिथला खर्चीवाला, म्हणजे दुसऱ्याचं सूत घेऊन मजुरीवर कापड विणून देणारा, स्वतःच्या भांडवलाशिवाय चार मागांवर संसार करतो. सुताचा भाव वर गेला की पहिला तोच मरतो. मुंबईच्या गिरण्या १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपानंतर उठू शकल्या नाहीत. सुमारे अडीच लाख कामगार संपात होते, त्यांतले बरेच रस्त्यावर आले, आणि कापडाचं काम थांबलं नाही, ते भिवंडी, मालेगाव, इचलकरंजीच्या यंत्रमागांवर गेलं. तिथे युनियनचा जोर नव्हता, बहुतेकांना प्रॉव्हिडंट फंडही नव्हता.

कोकणातल्या रसायनांबद्दल थोडक्यात: रसायनी, रोहा, महाड, लोटे, वर तारापूर. मुंबई जवळ, पाणी भरपूर, सांडपाण्याला खाडी. तिसरं कारण पुस्तकात लिहीत नाहीत, पण खाडीतल्या मच्छीमाराला विचारा.

माझ्या नियमाला मोठा अपवाद साखरेचा, आणि त्यालाही कारण आहे. ऊस तोडला की त्यातली साखर उतरायला लागते. चोवीस तासांत गाळला नाही तर वजन आणि उतारा दोन्ही गेलं. त्यामुळे ऊस मुंबईला नेणं शक्यच नव्हतं, गव्हाण, म्हणजे कारखान्यात ऊस टाकायची जागा, शिवारातच बसवावी लागली. प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील, धनंजयराव गाडगीळ आणि वैकुंठभाई मेहता यांनी सहकारी कारखाना उभा केला, १९५० च्या शेवटी पहिलं गाळप. आज राज्यात हंगामाला दोनशेच्या आसपास कारखाने पेटतात. चिपाडावर वीज, मळीपासून अल्कोहोल आणि इथेनॉल. इथेनॉलच्या भरवशावर कर्ज काढून डिस्टिलऱ्या वाढवल्या आणि डिसेंबर २०२३ मध्ये केंद्राने उसाच्या रसापासून इथेनॉलवर निर्बंध आणले, तेव्हा चेअरमन मंडळींची तोंडं बघण्यासारखी होती. तोडणारे मात्र बीडकडून उचल घेऊन येतात आणि फडातच राहतात. त्यांचं नाव कुठल्याच उद्योगाच्या यादीत कामगार म्हणून नसतं.

पण इथेही हातांची गोष्ट आहेच. इंदापूर तालुक्यातलं वालचंदनगर. सुरुवात उसापासून. कारखान्याची यंत्रं दुरुस्त करता करता साखर कारखान्यांची यंत्रंच बनवायला लागले, आणि तिथूनच पुढे अणुभट्ट्यांचे आणि इस्रोच्या रॉकेटचे भाग. उसाच्या फडातून रॉकेटपर्यंत एकाच गावात. माझी एकच फेरी झाली तिथे, तीही कामाशिवाय.

आता तुमची हळद. सांगली हळदीचं गाव म्हणून प्रसिद्ध. पण सांगलीच्या बाजारात येणारी बरीचशी हळद सांगलीची नसते, तुमच्याकडून आणि बाहेरच्या राज्यांतूनही येते. सांगलीकडे काय होतं? हरिपूरची पेवं. गावालगतच्या जमिनीत खोल खणलेल्या कोठ्या, तोंड अरुंद, आत ऐसपैस, हळद भरली की वरून मातीने बंद. वर्षानुवर्षं कीड नाही. साठवण आली म्हणून भाव पडला तरी थांबता यायचं, थांबता यायचं म्हणून व्यापारी आले, व्यापारी आले म्हणून पेढ्या, पॉलिश करणारे, दळणारे. २००५ च्या महापुरात कितीतरी पेवं कामातून गेली, पण तोवर बाजार पक्का झाला होता. तो हलला नाही.

वसमतच्या हळदीला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, तिथे हळद संशोधन केंद्रही आलंय. त्यामुळे परिस्थिती अगदीच कोरी नाही. मी तुमच्या जागी असतो तर मोठ्या कंपनीची वाट बघत बसलो नसतो. वसमतमध्ये बॉयलर दुरुस्त करणारा, पॉलिशचा ड्रम बनवणारा, कर्क्युमिन, म्हणजे हळदीला रंग देणारं द्रव्य, तपासून देणारा कोण आहे याची वहीत नोंद केली असती. पाच नावं निघाली तरी पुष्कळ. आणि हळदीच्या हंगामात एक दिवस मोंढ्यात उभे राहून भरून निघणाऱ्या ट्रकांच्या पाट्या वाचा. एमएच १० म्हणजे सांगली. किती एमएच १० दिसतात ते मला इथेच खाली कळवा.