बँकेने माथी मारलेली पॉलिसी आणि पोस्टातली जुनी पॉलिसी: दोन्हींना एकच न्याय लावू नका

प्रश्न: मी दहा महिन्यांपूर्वी सैन्यातून नायब सुभेदार म्हणून निवृत्त झालो. वय ४७. ग्रॅच्युइटी, कम्युटेशन (पेन्शनचा काही भाग एकरकमी घेतला ती रक्कम) आणि ग्रुप इन्शुरन्सचे पैसे खात्यात जमा झाल्यावर बँकेतल्या साहेबांनी ‘एफडीच आहे, वर विमा फुकट’ असं सांगून सह्या घेतल्या. आता कळलं, ती दहा वर्षांची विमा पॉलिसी आहे आणि दर वर्षी ३ लाख भरायचे आहेत. माझी पेन्शन महिन्याला ३० हजार. पॉलिसीचे कागद मला मिळालेच नव्हते. तीन आठवड्यांपूर्वी भांडून प्रत घेतली. त्यात माझं उत्पन्न वर्षाला १२ लाख, धंदा ‘व्यवसाय’ आणि एक अनोळखी ई-मेल लिहिला आहे. निवृत्तीच्या वेळच्या वैद्यकीय तपासणीत, म्हणजे रिलीज मेडिकल बोर्डात, मला रक्तदाब निघाला होता, पण फॉर्ममध्ये ‘आजार नाही’ असं आहे. बँक म्हणते, मुदत गेली. दुसरा हप्ता भरला नाही तर सगळे पैसे बुडतील, सिबिल खराब होईल. नोकरीत असताना घेतलेली पोस्टाची ५ लाखांची एंडोमेंट (मुदत संपल्यावर पैसे देणारी) पॉलिसीही आहे. ती १६ वर्षांची झाली, ५५व्या वर्षी संपेल. पगारातून हप्ता कापला जायचा, निवृत्तीनंतर भरलेला नाही. मुलीच्या प्रवेशासाठी पैसे हवेत, म्हणून दोन्ही पॉलिसी रद्द करायच्या आहेत. पत्नीचा पोस्टाच्या पॉलिसीला हात लावायला विरोध आहे. काय करावं?

उत्तर: सुभेदार साहेब, नमस्कार. बँकेची पॉलिसी रद्द करा, आणि या आठवड्यातच करा. पोस्टाची रद्द करू नका. तिथे वहिनींचं म्हणणं बरोबर आहे. दोन्ही ठिकाणी तुमच्या हातात दिवस थोडे आहेत. म्हणून पहिला भाग तुम्हाला आधीच फोनवर सांगितला आहे, पण कारणं लिहून देते.

आयुर्विमा पॉलिसीचे कागद हातात आल्यापासून ३० दिवसांत ती परत करण्याचा हक्क ग्राहकाला असतो. याला ‘फ्री लूक’ म्हणतात. पूर्वी साधारणपणे १५ दिवस मिळायचे. विमा नियामकाच्या, म्हणजे आयआरडीएआयच्या २०२४च्या नियमांनी सगळ्यांसाठी ३० केले. या मुदतीत पॉलिसी परत केली तर तेवढ्या दिवसांच्या जोखमीचा हप्ता, वैद्यकीय तपासणी झाली असेल तर तिचा खर्च आणि मुद्रांक शुल्क एवढंच कापून बाकी पैसे परत मिळतात. ३ लाखांतून होणारी ही कपात सहसा किरकोळ असते.

बँक म्हणते मुदत गेली. पण मुदत पॉलिसी निघाल्याच्या तारखेपासून मोजत नाहीत, ती तुम्हाला मिळाल्यापासून मोजतात. कंपनी म्हणेल, आम्ही ई-मेलने पाठवली होती. तो ई-मेल तुमचा असता तर तुमची बाजू लंगडी पडली असती, हे स्पष्ट सांगते, कारण ई-मेलने आलेली पॉलिसीही मिळालेलीच धरली जाते. तुमच्या बाबतीत पत्ताच परका आहे. तो कोणाचा, फॉर्मवर कोणी लिहिला, आणि प्रत तुमच्यापर्यंत कशी पोहोचली, हे कंपनीने दाखवायचं आहे. तुमच्याकडे शाखेतून प्रत घेतल्याची तारीख आहे. त्या दिवशी शाखेने कुठे सही घेतली असेल, शिक्का मारला असेल, कोणाला व्हॉट्सॲपवर ‘प्रत मिळाली’ असं कळवलं असेल, तर ते जपून ठेवा.

पत्र बँकेला नाही, विमा कंपनीला पाठवा. बँक ही फक्त कंपनीची एजंट आहे. तिला एक प्रत द्या आणि पोच घ्या. मजकूर लांबवू नका: ‘पॉलिसी क्रमांक अमुक. दस्तऐवज मला प्रथम अमुक तारखेला शाखेतून हाती मिळाला. प्रस्तावात नोंदवलेला ई-मेल माझा नाही. अटी मला मान्य नाहीत. फ्री लूक तरतुदीनुसार पॉलिसी रद्द करून रक्कम माझ्या खात्यावर जमा करावी.’ कंपनीच्या अधिकृत ई-मेलवर पाठवा, शिवाय स्पीड पोस्टनेही पाठवा. शाखेतल्या माणसाच्या ‘मी बघतो’ या शब्दावर एक दिवसही थांबू नका. मुदत टळेपर्यंत लोकांना असंच झुलवत ठेवल्याची पत्रं माझ्याकडे सतत येतात, आणि त्यांत निवृत्त जवानांची पत्रं आली की फार वाईट वाटतं. आयुष्यभराची पुंजी एका दिवशी खात्यात येते आणि ती खात्यात दिसते, म्हणूनच हे घडतं.

कंपनीने फ्री लूक नाकारलं तरी प्रकरण संपत नाही. मग दुसरं पत्र फसव्या विक्रीच्या तक्रारीचं, कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला. इथे तुमचा सर्वांत भक्कम पुरावा म्हणजे तो फॉर्मच. तुमचं खरं उत्पन्न ३ लाख ६० हजार, आणि हप्ता ३ लाख! पेन्शन पे ऑर्डर जोडा. संरक्षण खात्याच्या पेन्शनच्या ‘स्पर्श’ पोर्टलवरून काढलेली पेन्शन स्लिप जोडा. विकणाऱ्याने ग्राहकाची गरज आणि ऐपत पाहायची असते; बाराशे-पंधराशे रुपयांचा हप्ता झेपणाऱ्या माणसाला पंचवीस हजारांचा मासिक बोजा विकता यावा म्हणून उत्पन्न फुगवलं, हे तुलनेतच दिसतं. मेडिकल बोर्डाच्या कार्यवाहीची प्रतही लावा. पॉलिसी देण्यापूर्वी कंपनीने फोनवर खात्री केली असेल तर ते रेकॉर्डिंग लेखी मागा. त्यात तुम्ही ‘हो, हो’ म्हटलेलं निघेल, कदाचित ते शाखेतल्या माणसाने शेजारी बसून म्हणायला लावलेलं असेल. ते आत्ताच सांगून टाका, नंतर नको. सह्या तुमच्याच आहेत, हा तुमच्या बाजूचा कच्चा दुवा आहे आणि तो लपवून उपयोग नाही. कोऱ्या फॉर्मवर सह्या घेतल्या असतील तर तसं लिहा. नसतील तर लिहू नका.

रक्तदाबाचा मुद्दा लोक सोडून देतात, म्हणून त्यावर थांबते. विमा कायद्याच्या कलम ४५ प्रमाणे पॉलिसी सुरू होऊन तीन वर्षं झाल्यावर कंपनीला कोणत्याही कारणाने तिच्यावर आक्षेप घेता येत नाही. तीन वर्षांच्या आत मात्र आजार लपवल्याचं कारण देऊन ती दावा नाकारू शकते. म्हणजे उद्या तुमचं बरंवाईट झालं तर वहिनींच्या हातात पैसे पडतीलच, याची खात्री नाही. जी पॉलिसी गुंतवणूक म्हणून झेपत नाही आणि संरक्षण म्हणूनही डळमळीत आहे, ती ठेवण्याचं कारण मला दिसत नाही.

तक्रारीला ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा नकार आला, तर विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारी सोडवणाऱ्या विमा लोकपालाकडे जा. महाराष्ट्रात त्यांची कार्यालयं मुंबई, ठाणे आणि पुण्याला आहेत. नकारापासून एका वर्षाच्या आत तक्रार करायची असते. फी नाही. तिथे वकील चालतही नाही, त्यामुळे माझ्यासारखीवर खर्च करायची गरज नाही. ५० लाखांपर्यंतची भरपाई ते देऊ शकतात, आणि त्यांचा निवाडा कंपनीवर बंधनकारक असतो. तुम्हाला तो मान्य नसेल तर पुढचे मार्ग खुले राहतात. ग्राहक आयोगही आहे, दोन वर्षांच्या मुदतीत, आणि तुम्ही राहता त्याच जिल्ह्यात दावा लावता येतो. पण आधी आयोगात गेलात तर त्याच विषयावर लोकपालाचं दार बंद होतं. तुमच्या प्रकरणात कागदच बोलके आहेत, म्हणून मी लोकपाल निवडला असता. पत्रं लिहायला जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाची मदत घ्या. नाल्साच्या, म्हणजे राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरणाच्या २०२५च्या वीर परिवार सहायता योजनेखाली सैनिक मंडळांमध्ये विधी सहायता केंद्रं सुरू करण्यात आली आहेत, तिथेही विचारा.

आता दुसरा हप्ता. तो भरू नका. ‘पहिले ३ लाख वाचवायला आणखी ३ लाख घाला’ हा सल्ला चुकीचा आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून लागू असलेल्या नियमांप्रमाणे पहिल्या वर्षाचा पूर्ण हप्ता भरलेला असेल आणि पहिलं वर्ष पूर्ण झालं असेल, तर पारंपरिक, म्हणजे बाजाराशी न जोडलेल्या पॉलिसीला सरेंडर मूल्य (मुदतीआधी मोडल्यावर मिळणारी रक्कम) मिळतं. तुमची पॉलिसी त्यानंतरची आहे. रक्कम भरलेल्यापेक्षा बरीच कमी असेल, पण ‘सगळे बुडतील’ हे खरं नाही. कंपनीकडून सरेंडर मूल्याचा आकडा लेखी मागा. मात्र लोकपालाकडे प्रकरण चालू असताना सरेंडरच्या फॉर्मवर सही करू नका. पैसे उचलून तुम्ही हिशेब मिटवला, असा अर्थ काढला जाईल.

कागदावर कुठे ‘युनिट लिंक्ड’, म्हणजे बाजाराशी जोडलेली, असं लिहिलंय का, तेही पाहा. तसं असेल तर हिशेब वेगळा आहे. पाच वर्षं पैसे बाहेर काढता येत नाहीत. पहिल्याच वर्षी थांबलात तर खंडित शुल्क तुमच्याएवढ्या हप्त्यावर जास्तीत जास्त ₹६,००० कापलं जातं, आणि उरलेली रक्कम किमान ४ टक्के व्याजाने वेगळ्या निधीत राहून पाच वर्षांनी हाती येते.

हप्ता खात्यातून आपोआप कापला जाण्याची संमती तुमच्याकडून घेतलेली असणार. ती तारखेच्या आधी बँकेत लेखी अर्ज देऊन रद्द करा. ती चालू ठेवून खात्यात पैसे न ठेवण्याचा मार्ग धरू नका. हप्ता परत गेल्याचा दंड बसतो आणि उगीच नोटिसांचा ससेमिरा लागतो. विम्याचा हप्ता हे कर्ज नाही. तो न भरल्याने सिबिलवर परिणाम होत नाही आणि कंपनी तो वसूल करायला कोर्टातही जाऊ शकत नाही. पेन्शनची काळजी तर मनातून काढूनच टाका. ती ‘स्पर्श’मधून येते, बँक फक्त खातं सांभाळते, आणि पेन्शन कायदा १८७१च्या कलम ११ प्रमाणे धनकोला पेन्शनवर जप्ती आणता येत नाही. त्या शाखेवरचा विश्वास उडाला असेल तर ‘स्पर्श’वर खातं बदलून घ्या.

पोस्टाच्या पॉलिसीकडे येते. तुमचे दहा हप्ते थकले आहेत. पोस्टल लाइफच्या नियमांप्रमाणे तीन वर्षांहून जुनी पॉलिसी सलग १२ हप्ते थकल्यावर बंद पडते. म्हणजे अजून ती जिवंत आहे. आता थकबाकी व्याजासह भरली तर विषय तिथेच संपतो. दोन महिने उशीर केलात तर पुनरुज्जीवन करावं लागेल, त्यासाठी तब्येत ठीक असल्याचा दाखला मागतील, आणि रक्तदाबामुळे तिथे अडण्याची शक्यता आहे. पगारातली कपात बंद झाल्यावर हप्ता पोस्टात स्वतः भरायचा असतो, हे निवृत्तीच्या गडबडीत कितीतरी जवानांकडून राहून जातं. पासबुक घेऊन उद्याच जा, कपात बंद झाल्याचा दाखला दाखवा आणि हप्ता कुठल्याही पोस्टात भरण्याची सोय करून घ्या.

ती का ठेवायची? गेल्या काही वर्षांत या योजनेवर हजारामागे वर्षाला ₹५२ बोनस जाहीर होत आला आहे. ५ लाखांवर तो वर्षाला ₹२६,००० होतो, आणि हा बोनस पॉलिसी चालू असेल तरच जमतो. आज सरेंडर केलीत तर विमा रक्कम आणि साठलेला बोनस पूर्ण मिळत नाही, वयानुसार ठरलेल्या गुणकाने कमी होऊन मिळतो. मुलीच्या प्रवेशासाठी पैसे हवेत तर याच पॉलिसीवर कर्ज काढा. एंडोमेंटवर तीन वर्षांनंतर कर्ज मिळतं. बँकेचे पैसे परत आले की ते फेडून टाका.

दुसरं कारण तब्येतीचं. नोकरीतलं ग्रुप इन्शुरन्सचं कवच निवृत्तीबरोबर संपलं. निवृत्तीच्या वेळी एकरकमी वर्गणी कापून निवृत्तीनंतरही चालणारा एक्स्टेंडेड विमा दिला जातो, त्याचं प्रमाणपत्र शोधून रक्कम आणि मुदत पाहा. तुमच्या मागे वहिनींना कुटुंब निवृत्तिवेतन मिळेल, पण ते पेन्शनपेक्षा कमी असतं. मुलगी कमावती होईपर्यंत विम्याची गरज आहे. आज नवी टर्म पॉलिसी (फक्त मृत्यू झाल्यास पैसे देणारी) घ्यायला गेलात तर रक्तदाब सांगावाच लागेल, हप्ता वाढेल, आणि कलम ४५ची तीन वर्षं पुन्हा पहिल्या दिवसापासून मोजली जातील. पोस्टाची पॉलिसी तर १६ वर्षांची जुनी आहे.

दोन गोष्टी तपासून घ्या. कुठल्याही पॉलिसीवर ‘विवाहित स्त्रियांचा मालमत्ता अधिनियम १८७४’ असा उल्लेख असेल, तर ती पत्नी-मुलांसाठीचा ट्रस्ट ठरते आणि तुम्ही एकट्याच्या सहीने ती मोडू शकत नाही. घरकर्जासाठी पॉलिसी बँकेच्या नावे केलेली असेल, तरीही आधी त्या बँकेची संमती लागते. आणि जुन्या करपद्धतीत बँकेच्या पॉलिसीच्या हप्त्यावर वजावट घेतली असेल, तर दोन वर्षांच्या आत ती मोडल्यावर वजावट परत उत्पन्नात धरली जाते. रिटर्न भरणाऱ्याला हे सांगा.

फ्री लूकच्या पत्राची पोच आणि पोस्टाची पावती मिळाली की दोन्हींच्या प्रती मला पाठवा. कंपनीचं उत्तर आलं तर त्यावर सही करण्याआधी तेही पाठवा.