भारताचं परराष्ट्र धोरण खरंच इतिहास-संस्कृतीतून घडतं, की ती फक्त भाषणातली भाषा असते?

तुम्ही विचारलंय की परदेशातल्या भाषणांत बुद्ध, कौटिल्य, शिवराय यांची नावं येतात, पण प्रत्यक्ष निर्णय घेताना त्यांचा काही वाटा असतो का? आणि नेत्याला इतिहास घडवतो की नेता इतिहास वापरतो? मी सोलापुरात राज्यशास्त्र शिकवतो. स्पर्धा परीक्षेची तयारी करणारी मुलं हाच प्रश्न दरवर्षी विचारतात, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

माझ्या मते परिणाम होतो आणि खोलवर होतो. पण तो प्राचीन ग्रंथांचा कमी आणि गेल्या शे-सव्वाशे वर्षांत अंगावर आलेल्या अनुभवांचा जास्त असतो. त्या अनुभवातून काय धडा घ्यायचा, हे शेवटी सत्तेवर बसलेला माणूस ठरवतो. दोन माणसं एकाच इतिहासातून उलटे धडे घेऊ शकतात.

कौटिल्याचं आधी उरकतो. 'शेजारी तो शत्रू, शेजाऱ्याच्या पलीकडचा तो मित्र' हा मंडल सिद्धांत सगळ्यांना पाठ असतो आणि अफगाणिस्तानशी असलेली मैत्री त्याला जोडून दाखवली जाते. पण 'अर्थशास्त्रा'ची पोथी म्हैसूरला आर. शामशास्त्रींच्या हाती आली ती १९०५ मध्ये, आणि ती छापली गेली १९०९ मध्ये. मधली कित्येक शतकं हा ग्रंथ जवळजवळ विस्मृतीत होता. तेव्हा मौर्यांपासून दिल्लीपर्यंत एकच अखंड परंपरा चालत आली, हे म्हणणं मला पटत नाही. शत्रूच्या पाठीमागच्या राज्याशी दोस्ती करणं हे कुठल्याही राज्याला ग्रंथ न वाचताही सुचतं. योग दिन, बौद्ध स्थळं, चित्रपट यांनी देशाबद्दल आपुलकी वाढते, ते चांगलंच आहे. पण सीमेवर किंवा तेलाच्या व्यवहारात त्याने निर्णय बदललेला मला दिसत नाही.

आता खरा इतिहास. आमच्या शहरात चार हुतात्मा चौक आहे. मे १९३० मध्ये गांधीजींच्या अटकेनंतर सोलापूर पेटलं, काही दिवस इंग्रजांचा अंमलच उरला नाही आणि मग शहरावर मार्शल लॉ आला. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकृष्ण सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी दिलं गेलं. मुलांना मी सांगतो की ही फक्त स्थानिक गौरवाची गोष्ट नाही. आपल्यावरचा कायदा, आपली शिक्षा, आपलं मरण दुसरा ठरवतो, हा अनुभव त्या पिढीने असा शहराशहरात घेतला होता.

त्याचं सर्वांत मोठं रूप म्हणजे ३ सप्टेंबर १९३९. व्हाइसरॉय लिनलिथगोने भारत जर्मनीशी युद्धात उतरल्याचं जाहीर केलं. एकाही भारतीय नेत्याला विचारलं नाही. काँग्रेसच्या प्रांतिक मंत्रिमंडळांनी राजीनामे दिले, आणि तरीही वीस लाखांहून अधिक भारतीय जवान त्या युद्धात लढले. अलिप्ततावादाचं मूळ शोधायचं तर मी अशोकाच्या शिलालेखांकडे जात नाही, या तारखेकडे जातो. 'आमचं युद्ध आम्ही ठरवू, आणि नसेल लढायचं तर तेही आम्हीच ठरवू.' नेहरूंनी ७ सप्टेंबर १९४६ च्या आकाशवाणी भाषणात सत्तागटांपासून दूर राहण्याची भूमिका मांडली, तेव्हा जुन्या युद्धाची जखम ताजी होती.

ही नेहरूंची व्यक्तिगत आवड होती असं म्हणणाऱ्यांनी २००३ पाहावं. अमेरिकेला इराकमध्ये भारतीय सैन्य हवं होतं. सरकार वाजपेयींचं होतं, अमेरिकेशी जवळीक वाढवणारं होतं, आणि तरीही जुलै २००३ मध्ये नकार गेला. २०२२ मध्ये युक्रेनवर संयुक्त राष्ट्रांत मतदान झालं तेव्हा भारत पुन्हा पुन्हा तटस्थ राहिला. तिथे रशियन शस्त्रास्त्रांचं आणि सुट्या भागांचं अवलंबित्व आहे, हे मान्यच करायला हवं. त्याचबरोबर डिसेंबर १९६१ मध्ये गोव्याच्या वेळी आणि १९७१ मध्ये बांगलादेशाच्या वेळी सुरक्षा परिषदेत सोव्हिएत नकाराधिकारच आपल्या मदतीला आला होता, हेही दिल्लीत कुणी विसरलेलं नाही. पक्ष बदलले तरी जी गोष्ट बदलत नाही, ती विचारसरणीपेक्षा आठवणीतून आलेली असते, असं मी समजतो.

दुसरी अशीच आठवण आमच्या दारातून गेली. सोलापूरहून हैदराबाद रस्त्याला लागलं की तासाभरात नळदुर्ग येतो. १३ सप्टेंबर १९४८ ला मेजर जनरल जे. एन. चौधरींच्या फौजा याच बाजूने निजामाच्या मुलखात शिरल्या. त्याआधी रझाकारांना, म्हणजे निजामाच्या बाजूच्या सशस्त्र टोळ्यांना, कंटाळून सीमेपलीकडची कुटुंबं इकडे येत होती, कार्यकर्त्यांच्या छावण्या इकडे होत्या. निजाम सरकार आपली तक्रार घेऊन सुरक्षा परिषदेत गेलं होतं. तिथे चर्चा रंगण्याआधीच १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती पत्करली. मराठवाड्यात हा दिवस मुक्तिसंग्राम दिन म्हणून पाळतात.

त्याच वर्षाच्या सुरुवातीला काश्मीरचा प्रश्न भारत स्वतःहून संयुक्त राष्ट्रांत घेऊन गेला होता, आणि तो तिथेच अडकून पडला. ही दोन प्रकरणं शेजारी ठेवून पाहा. एकीकडे बाहेरच्यांनी मध्ये येण्याआधी विषय संपला, दुसरीकडे न्याय मागायला गेलो आणि बड्या राष्ट्रांच्या डावपेचात सापडलो. 'तिसरा पक्ष नको' हा आपला हट्ट परदेशी लोकांना अहंकार वाटतो. १९७२ च्या सिमला कराराने तो कागदावर आणला, आणि मे २०२५ च्या भारत-पाकिस्तान संघर्षानंतर अमेरिकेच्या मध्यस्थीचे दावे झाले तेव्हा दिल्लीने तेच उत्तर दिलं. त्यामागे १९४८ चा धडा आहे.

मराठी वाचकासाठी इथे एक जुना दाखला द्यायलाच हवा. रामचंद्रपंत अमात्यांचा मराठी राज्यकारभारावरचा ग्रंथ 'आज्ञापत्र' अठराव्या शतकाच्या सुरुवातीचा. त्यात 'टोपीकरां'बद्दल, म्हणजे युरोपीय व्यापाऱ्यांबद्दल, लिहिलंय की हे इतर सावकारांसारखे नव्हेत. यांच्या पाठीशी यांचे राजे आहेत, आणि व्यापाराच्या निमित्ताने राज्य वाढवण्याचा यांचा हेतू आहे. म्हणून यांना समुद्रकिनारी, खाडीलगत जागा देऊ नये. द्यायचीच वेळ आली तर किनाऱ्यापासून दूर द्यावी. प्लासीच्या कितीतरी आधी हे लिहिलं गेलं, याचं मला आजही नवल वाटतं. दिल्लीतला अधिकारी 'आज्ञापत्र' वाचून फाइल लिहीत नाही. पण कंपनी सरकारची आठवण सगळ्या देशाला आहे. एप्रिल २०२० मध्ये सीमेला लागून असलेल्या देशांतून येणाऱ्या गुंतवणुकीला सरकारी परवानगी सक्तीची झाली, तेव्हा मला अमात्यच आठवले. १९९५ मध्ये अमेरिकन एन्रॉन कंपनीच्या दाभोळ वीज प्रकल्पावरून महाराष्ट्रात जे रान पेटलं, त्यातही विजेच्या दराइतकीच ही भीती होती. पुढे नव्या सरकारने करार रद्द केला आणि त्याच कंपनीशी पुन्हा केला. त्यावरून कळतं की आठवण धोरणाला ढकलते, पण पैशाची आणि विजेची गरज तिला थोपवते.

आता नेत्यांकडे येतो, कारण तुमच्या प्रश्नाचा तो भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो.

डॉ. द्वारकानाथ कोटणीस सोलापूरचे. १९३८ मध्ये काँग्रेसने जपानशी लढणाऱ्या चीनच्या मदतीला पाच डॉक्टरांचं पथक पाठवलं, त्यात ते गेले. सोबतचे परतले, हे राहिले. तिथेच लग्न केलं, युद्धभूमीवर रुग्णालय चालवलं आणि डिसेंबर १९४२ मध्ये वयाच्या अवघ्या ३२ व्या वर्षी गेले. चिनी नेते भारतात आले की कोटणीस कुटुंबीयांची आवर्जून भेट घेतात. त्यांच्या घराचं आता स्मारक झालंय. तिथे गेलं की ऊर भरून येतो, आणि येणारच. त्या माणसाचा त्याग शंभर टक्के खरा होता.

पण या भावनेवर धोरण किती उभं करावं? ऑक्टोबर १९५० मध्ये चिनी सैन्य तिबेटात शिरलं. ७ नोव्हेंबरला सरदार पटेलांनी नेहरूंना पत्र लिहून बजावलं की आता आपल्याला एकाच वेळी दोन आघाड्यांचा विचार करावा लागेल. नेहरूंना चीनमध्ये साम्राज्यशाहीने भरडलेली, आपल्यासारखीच एक जुनी संस्कृती दिसत होती. चीनशी झालेला १९५४ चा पंचशील करार त्या दृष्टीतून आला. दोघेही गांधीजींचे अनुयायी, दोघांनीही तीच तुरुंगवारी केली, त्याच पक्षात आयुष्य काढलं. पण पटेल नुकतेच संस्थानांचं विलीनीकरण करून बसले होते, हैदराबाद त्यांनी हाताळलं होतं, त्यांची नजर आधी सीमेवर गेली. नेहरूंची नजर आशियाच्या जागृतीवर होती. १९६२ ने कोण बरोबर हे दाखवलं, असं सरळ म्हणता येईल. मला मात्र नेहरूंची आशा हीन वाटत नाही. तिच्यासोबत सैन्याची तयारी नव्हती, हा दोष मोठा होता. नोव्हेंबर १९६२ मध्ये यशवंतराव चव्हाणांना संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला बोलावलं गेलं. 'हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला' हे वाक्य आपल्याकडे तेव्हापासून घराघरात आहे.

नरसिंह रावांचं उदाहरण याच्या शेजारी ठेवा. निजामाविरुद्धच्या चळवळीतून आलेला, उत्तम मराठी जाणणारा हा माणूस. इस्रायलला भारताने १९५० मध्येच मान्यता दिली होती, पण फाळणीची जखम, अरब देशांचा पाठिंबा, तेल आणि देशांतर्गत भावना यांमुळे पूर्ण राजनैतिक संबंध अडले होते. रावांनी ते जानेवारी १९९२ मध्ये जोडले. सोव्हिएत संघ कोसळला होता, परकीय चलनाची तिजोरी १९९१ मध्येच तळाला गेली होती. जुनी भीती कधी बाजूला ठेवायची, हे त्यांनी ओळखलं.

शेवटी आमच्या बाजार समितीतला कांदा. १९८० ची लोकसभा आणि १९९८ ची दिल्ली विधानसभा या दोन निवडणुकांत कांद्याच्या भावाने सरकारं पाडली, असं राजकारणी मानतात. भाव चढले की निर्यातबंदी, हा रिवाज त्या धास्तीतून आला. डिसेंबर २०२३ मध्ये बंदी आली आणि ४ मे २०२४ ला उठली. सोलापूरचं मतदान ७ मे ला होतं. इकडे शेतकऱ्याचा माल मातीमोल होतो आणि तिकडे ज्या बांगलादेशाला आपण सर्वांत जवळचा शेजारी म्हणत आलो, तिथल्या स्वयंपाकघरात टंचाई येते. ऑक्टोबर २०१९ मध्ये बांगलादेशाच्या तेव्हाच्या पंतप्रधान शेख हसीना दिल्लीत आल्या असताना त्यांनी जाहीरपणे सांगितलं की बंदीची आगाऊ सूचना दिली असती तर बरं झालं असतं, आणि आपण आचाऱ्याला कांदा न वापरायला सांगितलंय. त्या वर्षी बांगलादेशाने तुर्कस्तान आणि इजिप्तहून कांदा आणवला. हे परराष्ट्र मंत्रालयाने आखलेलं धोरण नव्हतं. पण ढाक्याला ते भारताचं धोरण म्हणूनच पोहोचलं, आणि माझ्या लेखी शेजारधर्माच्या कुठल्याही भाषणापेक्षा ते जास्त दिवस लक्षात राहणारं आहे.