तमिळ 'चित्ती' कोण? मावशी की काकू?

प्रश्न असा आहे: तमिळ शेजारीण मावशीलाही 'चित्ती' म्हणते, काकूलाही, आणि नवऱ्याला चक्क 'मामा' म्हणते. हे कसं काय?

चित्ती दोन्ही. आईची धाकटी बहीण चित्ती, वडिलांच्या धाकट्या भावाची बायकोही चित्ती. दोघींचे नवरे चित्तप्पा. आईची थोरली बहीण पेरियम्मा, वडिलांचा थोरला भाऊ पेरियप्पा. वय मोजायचं ते रक्ताच्या नातेवाइकाचं. म्हणून पेरियप्पाची बायको तुमच्या आईहून लहान असली तरी पेरियम्माच. सावत्र आईलाही चित्ती म्हणतात, तेव्हा संदर्भ पाहावा. उच्चार 'सित्ती' असाही ऐकू येतो, कारण लिपीत च आणि स यांना एकच अक्षर आहे.

खरी मेख पुढे आहे. आईची बहीण ही आईच, वडिलांचा भाऊ हा बापच, असा हा हिशेब. त्यामुळे त्यांची मुलं सरळ अण्णन (थोरला भाऊ), अक्का (थोरली बहीण), तंबी (धाकटा भाऊ), तंगच्चि (धाकटी बहीण). हाक मारताना चुलत-मावस असा फरक नाही. मामा आणि अत्तै (आत्या, बोलताना 'अत्ते') यांची मुलं मात्र 'मुरै'ची, म्हणजे लग्न चालतं अशी. म्हणून सासरा मामा, सासू अत्तै. अनेक समाजांत मुलीचं लग्न सख्ख्या मामाशीही होई, म्हणून नवराही 'मामा'. आता नातं नसलं तरी ही हाक टिकून आहे. आपल्याकडे सुना सासऱ्यांना मामंजी आणि सासूला आत्याबाई म्हणत, त्यामागेही हीच सोयरीक आहे.

मावशीला चुकून 'अत्तै' म्हटलंत तर तिचा मुलगा लग्नाजोगा ठरतो! तसंच 'मच्चान'चं. मूळ अर्थ मेव्हणा किंवा आते-मामेभाऊ. चेन्नईतली पोरं दोस्ताला म्हणतात. मावसभावाला नात्यानं मच्चान म्हणता येत नाही, आणि वडीलधाऱ्या परक्या माणसाला तर मुळीच म्हणू नये.

मामाच्या बायकोला ब्राह्मण घरांत मामी म्हणतात, इतर अनेक घरांत अत्तै. त्याच ब्राह्मण घरांत शेजारच्या बाईलाही मामी म्हणतात. बाहेर मात्र अनोळखी माणसाला 'मामा' म्हणणं टाळा; बोलीत पोलिसालाही मामा म्हणतात. रिक्षावाल्याला अण्णा आणि भाजीवालीला अक्का म्हणावं, वयस्कांना अय्या किंवा अम्मा.

नणंदेला नात्तनार, साडूला सगलै आणि जावेला ओरगत्ति म्हणतात.