जुना फोन कपाटातून बाहेर काढा

प्रश्न : माझे यजमान दीड वर्षापूर्वी गेले. माझं जीमेल त्यांनीच उघडून दिलं होतं आणि त्यात मोबाइल नंबरही त्यांचाच घातला होता. रिचार्ज राहून गेला नि तो नंबर बंद पडला. चार महिन्यांपूर्वी मुलाने नवा फोन दिला. डायरीतला पासवर्ड घातला की चुकीचा दाखवतो, आणि कोड मागवला तर तो बंद नंबरवर जातो. यांच्या पॉलिसीचे कागद, गणपतीपुळ्याचे फोटो, सगळं त्यात आहे. ते पुसलं जाईल का? इंटरनेटवर एक ‘कस्टमर केअर’ नंबर सापडलाय, तिथे फोन करू का?
— एक वाचक, चिपळूण

उत्तर : ताई, त्या नंबरवर अजिबात फोन करू नका. जीमेलच्या मोफत खात्याचा पासवर्ड गूगल फोनवरून बदलून देत नाही. समोरचा माणूस गोड बोलून एखादं ॲप टाकायला सांगेल, ओटीपी विचारेल, आणि बँकेतले पैसे जातील. फोन करून झाला असेल आणि पैसे गेले असतील, तर लगेच १९३० या सरकारच्या सायबर फसवणूक हेल्पलाइनवर तक्रार करा.

खातं पुसलं जाण्याची भीती सध्या नको. गूगल पुसतं ती दोन वर्षं कुणीच न उघडलेली खाती. चार महिन्यांनी काही होत नाही.

आता पासवर्ड. तुम्ही व्हॉट्सॲपवर मराठीत लिहीत असाल, तर कीबोर्ड मराठीवरच राहिलेला असू शकतो. पासवर्डच्या चौकटीत नुसते ठिपके दिसतात, त्यामुळे 5 च्या जागी ५ पडलाय हे कळत नाही. तिथलं डोळ्याचं चिन्ह दाबा आणि डायरीशी एकेक अक्षर ताडून बघा. शून्य आहे की इंग्रजी ओ, तेही बघा. माझ्या कॉम्प्युटर क्लासमध्ये कितीतरी जणींचं ‘बिघडलेलं’ खातं एवढ्यावर उघडलंय.

तरीही नाही उघडलं, तर तुमचा जुना फोन कुठे आहे? तोच तुमची किल्ली आहे. सिम बंद असलं तरी घरच्या वायफायवर तो चालतो, आणि तुमचं खातं त्यात अजून उघडं असण्याची दाट शक्यता आहे. चार्जिंगला लावा, वायफाय जोडा. मग नव्या फोनवर ‘पासवर्ड विसरलात?’ दाबा आणि कोडऐवजी ‘दुसरा मार्ग’ निवडा. जुन्या फोनवर ‘तुम्हीच आहात का?’ असं विचारणारी पाटी आली की ‘हो’ म्हणा. आकडे दिसले तर नव्या फोनवरचाच आकडा निवडा. हे सगळं घरीच करा, मुलाकडे पुण्याला वगैरे जाऊन नको, कारण गूगल नेहमीची जागा आणि नेहमीचा फोन ओळखतं. कधी ते काही तास किंवा दिवस थांबायलाही सांगतं. तसं झालं तर थांबा, पुन्हा पुन्हा दाबत बसू नका.

आणि कृपा करून तो जुना फोन दुकानात ‘फॉरमॅट’ करायला देऊ नका. आमच्या सासूबाईंचा फोन मी स्वतः साफ करून भाचीला दिला होता, आणि त्यांच्या खात्याकडे जायची वाट तिथेच संपली. सासऱ्यांचे शेवटचे फोटो त्यात होते. त्याची रुखरुख मला अजून आहे.

खातं उघडलं की त्याच बैठकीत यजमानांचा नंबर काढून स्वतःचा घाला. बंद झालेला नंबर ९० दिवसांनंतर कंपनी दुसऱ्या कुणालाही देऊ शकते, म्हणजे तुमचा कोड उद्या परक्या माणसाच्या हातात पडेल. क्लासला येणाऱ्या बऱ्याच जणींचं खातं नवऱ्याच्या नाहीतर मुलाच्या नंबरवर असतं. ते मला मनापासून खटकतं. खातं आपलं, तर नंबरही आपलाच हवा.

शेवटी टू-स्टेप व्हेरिफिकेशन, म्हणजे पासवर्डनंतर आणखी एकदा ओळख पटवणं, चालू करा आणि फोन हाताशी नसताना चालणारे दहा बॅकअप कोड घ्या. प्रत्येक कोड आठ आकडी असतो आणि एकदाच चालतो. ते कागदावर उतरवून रेशनकार्डाच्या पिशवीत ठेवा. पॉलिसीचे कागद मात्र त्याच दिवशी छापून घ्या.