काळ्या मातीवर पहिलं घर बांधताय?

दौंडकडे प्लॉट घेतलात, छान झालं! आता मे महिन्यात तिथे जाऊन भेगा बघा. भेगेत मनगटापर्यंत हात जात असेल, तर ती काळी माती पावसात फुगणार आणि उन्हात आकसणार. घराखाली हे सगळीकडे सारखं होत नाही, म्हणून भिंती खिडकीच्या कोपऱ्यातून तिरक्या तडकतात.

- माती तपासून घ्या. खाली मुरूम, म्हणजे न फुगणारा कठीण, खडेरी थर, किती फुटांवर आहे ते कळेल. पाया तिथवर न्या.
- खणलेली माती जोत्यात, म्हणजे फरशीखाली, परत भरू नका. सगळे इथेच चुकतात, आमचीही फरशी अशीच उचलली होती. मुरूमच भरा, थराथराने, पाणी मारून, धुम्मस करून म्हणजे ठोकून घट्ट बसवून.
- पागोळ्यांचं पाणी पायाशी मुरू देऊ नका.

पाइल, म्हणजे जमिनीत खोल नेलेले पायाचे खांब, लागतील का ते इंजिनिअर सांगतील. घाबरू नका, नीट होतं.