असगर फरहादी हा मुळात पटकथालेखक होता का? त्याची कारकीर्द कशी घडली?

हो, होता. जगभर नाव झालं ते दिग्दर्शक म्हणून, पण माझ्या लेखी तो आधी लेखक आहे, आणि तोही नाटकातून आलेला.

जन्म १९७२चा, इराणमधल्या इस्फहानजवळचा. शाळकरी वयातच छोटे चित्रपट करू लागला, पण तेहरान विद्यापीठात शिकला नाटक. मग रेडिओ आणि टीव्ही मालिकांसाठी लेखन केलं. २००२ साली इब्राहिम हातमीकियासारख्या नावाजलेल्या दिग्दर्शकाबरोबर त्याने 'लो हाइट्स' लिहिला. बेकारीने पिचलेला एक माणूस सगळ्या नातेवाइकांना घेऊन विमानात बसतो आणि तेच विमान पळवतो, अशी ती गोष्ट. पुढच्याच वर्षी त्याने स्वतःचा पहिला चित्रपट केला.

त्याचा खरा विषय मला 'ब्युटिफुल सिटी'पासून (२००४) दिसतो. इराणी कायद्यात खुन्याला माफ करण्याचा हक्क मृताच्या कुटुंबाला असतो. म्हणजे फाशी टळणार की नाही, हे अखेर कोणाच्या तरी घरात ठरतं. मुलगी गमावलेला बाप आणि मित्राचा जीव वाचवायला धडपडणारा पोरगा, दोघांचंही आपल्याला पटतं. ज्याच्यावर राग काढावा असा खलनायकच फरहादी हाती लागू देत नाही!

लिहिताना तो एक गोष्ट सातत्याने करतो: सगळं ज्या घटनेवर फिरतं, तीच पडद्यावर दाखवत नाही. 'अबाउट एली'त (२००९) समुद्रकाठच्या सहलीतून एक तरुणी नाहीशी होते. 'अ सेपरेशन'मध्ये (२०११) रस्त्यावरचा एक क्षण मधूनच तोडलाय. 'द सेल्समन'मध्ये (२०१६) घरातला हल्ला आपण बघतच नाही. पुढे पात्रं जे सांगतात त्यावरून आपण तर्क करत राहतो, आणि ती तर अब्रूपायी, भीतीपायी, कधी निव्वळ प्रेमापोटी काहीतरी लपवत असतात. इराणमध्ये पडद्यावर काय दाखवावं यावर कडक बंधनं आहेत, हे खरंच. पण फरहादीने त्या न दाखवण्यातूनच नाट्य उभं केलं, हे मला त्याचं सर्वांत मोठं काम वाटतं.

'अ सेपरेशन'ला परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर मिळालं हे सर्वांना ठाऊक असतं. त्याच वर्षी मूळ पटकथेसाठीही त्याला नामांकन होतं. फारसी चित्रपटासाठी ही फार मोठी गोष्ट. 'द सेल्समन'ला कान चित्रपट महोत्सवात पटकथेचा पुरस्कार मिळाला.

फ्रान्समध्ये केलेला 'द पास्ट' (२०१३) मला आवडतो. स्पेनमधला 'एव्हरीबडी नोज' (२०१८) मात्र फिका वाटला. रहस्य आहे, पण लोकलाजेचा तो जीवघेणा दाब नाही. 'अ हीरो'त (२०२१) तो परत इराणमध्ये, शिराजला येतो, कर्जापायी तुरुंगात गेलेल्या माणसाची गोष्ट घेऊन, आणि तो दाब पुन्हा जाणवतो.

सुरुवात 'अबाउट एली'पासून करा. मग 'अ सेपरेशन' दोनदा बघा. दुसऱ्यांदा बघताना फक्त रझियेकडे, त्या घरी कामाला येणाऱ्या बाईकडे, लक्ष ठेवा: ती कोणापुढे काय बोलते आणि कुठे गप्प राहते.